सुलट्या गळ्याची बाई

१

दुसऱ्याच्या समोर बसून त्याला कपडे घालणं वाटतं तितकं सोपं नसतं. आपलं डावं ते त्याचं उजवं. रोजची सवय असलेल्या बाईचाही हात एखाद्या सकाळी अडखळतो.

नुईचा मात्र कधी अडखळला नव्हता. सासूच्या अंगावरून वारा गेला त्या थंडीपासून ती रोज सकाळी म्हातारीला शेगडीपाशी बसती करायची. कोमट पाण्यात फडकं पिळून अंग पुसायची, पाय चोळायची, आणि मग समोर गुडघे टेकून किमोनो चढवायची. तिचा उजवा काठ आत, तिचा डावा वर. जित्या माणसाचा डावा काठ वर येतो. उजवा वर येतो तो फक्त मढ्याचा. त्या मुलखातल्या पोराला नाक पुसायला यायच्या आधी हे येतं.

सासूचं नाव तोकु. उजवं अंग गेलेलं, जीभ गेलेली. डावा हात आणि डोळे तेवढे शिल्लक, आणि डोळे असे की उरलेल्या सगळ्या अंगाचा जीव त्यांत येऊन बसला होता. नुईचा नवरा कुमाकिची उत्तरेच्या समुद्रावर खेकडे धरायला गेला तो गेलाच. मेला म्हणावं तर प्रेत नाही, आहे म्हणावं तर निरोप नाही. त्यामुळे नुई विधवाही नव्हती आणि सवाष्णही नव्हती. ती नुसती सून होती. बाईला जगात बरीच पदं मिळतात, त्यातलं हे सगळ्यात टिकाऊ. नवरा जातो, पोरं जातात, सूनपण काही जात नाही.

दुपारी म्हातारीला भाताची पेज भरवली की नुई तिला आडवी करायची, गोधडी गळ्यापर्यंत ओढायची आणि म्हणायची, "मी इथेच आहे, आई. तुम्ही निजा."

आणि खडावा हातात घेऊन, अनवाणी, मांजरीच्या पावलांनी बाहेर पडायची. गल्लीच्या टोकाशी थांबून कमरपट्ट्याची गाठ घाईघाईने बांधायची. त्या घाईत गाठीचं डावं टोक कायम आखूड राहायचं. मग ती बंदरावरच्या चित्रघरात कामाला जायची.

रोजचं एक खोटं. त्या खोट्यावर दोघींचा भात शिजत होता.

२

चित्रघरात पडद्यावर माणसं हलायची, बोलायची नाहीत. बोलायचं काम पडद्यामागच्यांचं. पातळ कापडाच्या मागे गवती चटयांवर तिघं बसत. गेंझोबाबा सगळे म्हातारे, सावकार, चोर आणि कुत्री बोलायचा. कानेजिरो नायक. बाया आणि पोरं नुईची. तिचा आवाज असा होता की पुढे बसलेल्या कोळणी पदराआड, म्हणजे आपल्या बाहीआड, हुंदके द्यायच्या आणि घरी जाऊन नवऱ्यांशी भांडायच्या.

गेंझोबाबाने तिला पहिल्या दिवशी एकच नियम शिकवला होता. "पोरी, हलतं तोंड मुकं सोडायचं नाही. शब्द सापडला नाही तर नुसता हुंकार दे. पण पडद्यावर ओठ हलले आणि आवाज आला नाही, तर माणसाच्या अंगावर काटा येतो. पैसे परत मागतात मग."

मागून सगळं उलटं दिसायचं. अक्षरं उलटी; गेंझोबाबाला तर वाचायला येत होती ती उलटीच. उजव्या हाताने जेवणारे डावखुरे व्हायचे. आणि गळे. पडद्यावरच्या एकूण एक माणसाचा गळा उलटा, उजवा काठ वर. लग्न लागतंय, नवरी लाजतेय, आणि मांडवभर मढी.

नवीन असताना नुईला ते बघवत नसे. गेंझोबाबा हसला होता. "मढीच ती. नट कधीच दुसऱ्या गावाला गेला, दारू पिऊन झोपलाय. हे त्याचं मढं आपल्याकडे पाठवलंय. आपण आवाज भाड्याने देतो." पुढे तिला सवय झाली. सवय कशाचीही होते. नाही तर बायका जगल्याच नसत्या.

त्या हिवाळ्यात मालकाने सांगितलं की हा खेळ उतरला की पडद्यामागचे बंद. शहरातून एक गृहस्थ येणार, काळा कोट घालून पडद्यापुढे उभे राहणार, आणि एकटेच सगळ्यांचं बोलणार. बायांचंसुद्धा.

"बायांचंसुद्धा?" नुईने विचारलं.

"मिशा आहेत त्यांना," कानेजिरो म्हणाला. "मिशांतून तुझ्यापेक्षा गोड रडतात म्हणे."

३

शेवटचा खेळ सुनेचा होता. व्यापाऱ्याचं घर, अंथरुणाला खिळलेला सासरा, नवरा परदेशी, आणि शेजारी राहायला आलेला चित्रकार. सुनेचं मन चित्रकारात, पाय सासऱ्याच्या खोलीत. शेवटी ती गाठोडं घेऊन बर्फात उंबऱ्यापर्यंत येते, मागे वळून बघते, आणि परत जाऊन गाठोडं सोडते. संपलं. असले खेळ पुरुष लिहितात आणि बायका तिकीट काढून बघतात.

सुनेचं काम पुरुषानेच केलं होतं, तेव्हा तशीच रीत. कानेजिरो नुईच्या कानाशी येऊन म्हणाला, "तुझ्या सूनबाईंची हनुवटी बघ. सकाळी वस्तऱ्याला सुट्टी दिलेली दिसते." नुईने हसू दाबून हुंदका दिला. पुढे कोळणी रडल्या.

दुसऱ्या दिवशीच्या खेळात तिला कोपरा दिसला.

सासऱ्याची खोली. मध्ये अंथरूण, बाजूला औषधाचं भांडं, आणि मागच्या कोपऱ्यात शेगडीपाशी एक बाई बसलेली. पहिल्या दिवशी होती की नाही, नुईला आठवेना. मोलकरीण असेल. काही करत नव्हती. बाहीने तोंड झाकून बसली होती, हसू लपवणाऱ्या मुलीसारखी. पण ती हसत नव्हती.

ती खरीच बाई होती. आता बायकांनाही घेऊ लागलेत म्हणे, नुईने मनाशी म्हटलं, आणि सुनेचं वाक्य बोलली. मग तिची नजर परत कोपऱ्यात गेली. काहीतरी खटकत होतं, आणि काय खटकतंय ते कळायला बराच वेळ लागला, कारण खटकत होतं ते अगदी बरोबर होतं.

बाईचा डावा काठ वर होता.

सासरा, सून, चित्रकार, सगळे उलट्या गळ्याचे. ती एकटी सुलट्या गळ्याची. इतक्या मढ्यांत एक जितं माणूस.

"नुई!" कानेजिरोने कोपर मारलं. पडद्यावर सून ओठ हलवत होती आणि चित्रघरात शुकशुकाट होता. नुईने घाईने हुंकार दिला.

४

हिचाच गळा मुळात उलटा घातला असणार, म्हणून मागून सुलटा दिसतो. नुईने हिशेब लावला. कपडे घालणाऱ्याची चूक. पण मग पुढच्यांना ती प्रेताच्या गळ्याची दिसणार, आणि त्या कोळणी? चहा जरा गार मिळाला तर चित्रघर डोक्यावर घेणाऱ्या त्या बाया हे पाहून गप्प बसतील?

दुसऱ्या दिवशी सासऱ्याच्या खोलीचा प्रसंग आला तेव्हा तिथे गेंझोबाबाचंच खोकणं लांबलचक होतं. नुई उठली, बाजूच्या बोळातून पुढे आली आणि भिंतीला टेकून उभी राहिली. संत्र्याच्या सालींचा वास, ओल्या कपड्यांचा वास. पडद्यावर सासरा खोकत होता. सगळ्यांचे गळे सुलटे. पुढून दिसतात तसेच.

कोपऱ्यात बाई होती. पाठमोरी.

नुईला फक्त मानेची वाटी दिसली आणि खाली कमरपट्ट्याची गाठ. बाई भिंतीकडे तोंड करून बसली होती. भिंतीकडे म्हणजे पलीकडे, पडद्यामागे, जिथे नुईची चटई होती.

ती बोळातून धावत मागे आली. कापडातून बाई तिच्याकडे बघत होती, बाही तोंडावर.

चित्राला मागची बाजू नसते. कागदावर काढलेला माणूस उलटा धरला तर त्याची पाठ दिसत नाही, उलटा तोच दिसतो. एवढं शेंबड्या पोरालाही कळतं. नुईला लिहिता येत नव्हतं, पण ती मूर्ख नव्हती.

खेळ संपल्यावर तिने कानेजिरोला विचारलं, "कोपऱ्यातली मोलकरीण पाहिलीत?"

"कुठली?"

"शेगडीपाशी. बाही तोंडावर धरलेली."

"तिथे काळोख असतो गं." तो तिच्याकडे बघत राहिला. "काल मालकाकडे गेलो होतो तेव्हा पुढून पाहिली एक, पाठमोरी. तिचं काय?"

गेंझोबाबा चटई गुंडाळत म्हणाला, "मला कोपऱ्यात काही दिसत नाही, पोरी. पण मला कुठेच काही दिसत नाही, तेव्हा माझी साक्ष धरू नकोस."

म्हातारा गेल्यावर कानेजिरो हळूच म्हणाला, "नुई, समुद्रापलीकडे हाकोदात्यात अजून आपल्या कामाला माणसं लागतात. गेंझोबाबा येतोय. शेवटच्या दिवशी संध्याकाळी बोट आहे. तू ये."

"आणि आई?"

"शेजारी ती ओमासा आहे की."

"ओमासाला स्वतःची मांजर सांभाळता येत नाही."

"मग मांजरही घे." तो हसला, आणि मग त्याचं हसू गेलं. "मी थट्टा करत नाहीये. तुझ्या गाठीचं टोक रोज आखूड असतं. रोज वाटतं, हिला एकदा तरी निवांत गाठ बांधायला मिळावी."

पुरुष चांदण्याच्या आणि फुलांच्या गोष्टी करतात, त्यांना बाई पुरून उरते. असलं काही बोलणाऱ्यापुढे तिचा निभाव लागत नाही.  त्या संध्याकाळी घरी जाताना नुई गल्लीच्या टोकाशी उगीचच उभी राहिली, गाठ सोडून परत बांधत.

५

"अगं बाई! अगं नुई! काय केलंस हे!"

ओमासा सकाळी कोळसा मागायला आली होती. कोळसा हे निमित्त. तिला घराघरात नाक खुपसल्याशिवाय भूक लागत नसे. ती दारातच उभी राहून तोकुकडे बोट दाखवत होती.

नुईने वळून पाहिलं. सासू शेगडीपाशी बसली होती, अंग पुसलेलं, केस विंचरलेले. आणि उजवा काठ वर.

"जित्या सासूला मढ्याचा गळा!" ओमासाने खाली बसून कपाळाला हात लावला. "घाई झाली का गं तुला?"

"चुकून झालं."

"चुकून! मीठ जास्त पडतं चुकून. हे कुणाचं चुकतं? माझ्या नातीचं नाही चुकत, बाहुलीला घालते ती."

नुई सासूपुढे गुडघे टेकून बसली आणि पट्टा सोडू लागली. तिला कारण ठाऊक होतं. उलट्यांत एक सुलटा पाहून पाहून डोळ्याचा तोल गेला होता. बस, एवढंच. पण गळा सोडताना तिच्या आत कुठेतरी, पार तळाशी, एक लहानसा थंडगार आनंद पडलेला तिला सापडला. विहिरीत पडलेल्या नाण्यासारखा. तो कधी पडला ते तिला माहीत नव्हतं.

आणि आणखी एक. तोकुचा डावा हात चालत होता. गळा चुकत असताना तिला सुनेचा हात धरता आला असता. तिने धरला नव्हता. तिने ते सगळं बघितलं होतं, पहिल्यापासून शेवटपर्यंत, आणि आत्ताही बघत होती. त्या डोळ्यांत राग नव्हता. राग असता तर बरं झालं असतं.

"मीठ टाक दारात," जाताना ओमासा म्हणाली. "आणि माझ्या कोळशाचं विसरू नकोस."

६

बाईची बाही खाली येऊ लागली होती.

रोज थोडी. आधी नाकाचा शेंडा, मग वरचा ओठ. हात भरून आल्यासारखा थरथरायचा आणि किंचित घसरायचा. चित्रपट्टी तीच, सासऱ्याचा खोकला तोच, सुनेचे अश्रू त्याच जागी. कोपरा तेवढा रोज नवा.

नुईने स्वतःला नाना कारणं दिली. पट्टीवर दोन चित्रं चढली असतील. कापडावर डाग असेल. एका सकाळी चित्रघर रिकामं असताना ती मुद्दाम गेली आणि पडद्याचा तो कोपरा हाताने चाचपला. पांढरं, स्वच्छ कापड. कुठे डाग नाही, ठिगळ नाही. सगळं कापड गारठलेलं होतं, आणि त्या एका जागी कोमट. शेगडीवर धरलेल्या फडक्यासारखं कोमट.

तिने हात काढून घेतला आणि बाहीत लपवला, चोरी केल्यासारखा.

त्या दुपारी बाही हनुवटीपर्यंत घसरली आणि बाईचे ओठ हलले.

नुईच्या पाठीतून शिरशिरी गेली. भीतीची नव्हे. भीती नंतर आली. आधी आली ती तिची विद्या. इतकी वर्षं अंगात मुरलेली: तोंड हलतंय आणि आवाज नाही. कुणाचं आहे हे तोंड? बाईचं. म्हणजे माझं. माझ्या अंगणात येऊन एक तोंड मुकं हलतंय. तिच्या जिभेच्या टोकाला काहीतरी येऊन थांबलं. तिने दात आवळले. बाईने झटकन बाही वर ओढली, दोन्ही हातांनी दाबून धरली, आणि मोठ्या डोळ्यांनी नुईकडे बघत राहिली.

ती कशाला तरी घाबरली होती. तो विचार नुईला सगळ्यात वाईट वाटला. कोपऱ्यातली बाई नुईला घाबरली होती.

७

शेवटच्या दिवशी नुईने सासूचं सगळं नीट केलं. अंग पुसलं, नखं काढली. समोर बसून, ओठांनी पुटपुटत, किमोनो चढवला: तिचा उजवा आत, तिचा डावा वर. पेज भरवली. शेगडीत निखारे भरले, पाण्याचं भांडं डाव्या हाताशी ठेवलं. ओमासाला खेळाचा फुकट पास दिला होता, म्हणजे गल्लीत कुणी नसेल. खेळ सुटल्यावर ती इथे डोकावणारच, डोकावल्याशिवाय तिला राहवायचं नाही. मग काय ते गावाने बघावं. गावाला म्हातारीचा फार पुळका होता ना.

गाठोडं पायरीखाली होतं.

"मी इथेच आहे, आई," नुई म्हणाली. "तुम्ही निजा."

तोकुच्या डाव्या हाताने तिची बाही धरली. नुईने एकेक बोट सोडवलं. प्रत्येक बोट सोडवताना ते पुन्हा मिटत होतं, तान्ह्या मुलाच्या बोटांसारखं. शेवटी हात गोधडीखाली सारून ती उठली. त्या दिवशी तिने खडावा हातात घेतल्या नाहीत. वाजवत गेली.

पडद्यामागे कानेजिरोने तिचं गाठोडं पाहिलं. आणि आपली चटई तिच्या जवळ सरकवली. गेंझोबाबा म्हणाला, "आज खोकायला मजा येणार. शेवटचा खोकला आहे."

यंत्राची करकर सुरू झाली. नुई छान बोलली. इतकी छान ती कधी बोलली नव्हती. आता या सुनेचं तिला काही लागत नव्हतं, म्हणून असेल. मग सासऱ्याची खोली आली.

बाईचा हात गळून मांडीवर पडला होता. तोंड उघडं. ओठ हलायला लागले, आणि थांबेनात.

नुईने डोळे मिटले. पण कान मिटता येत नाहीत. समोर सगळं चित्रघर शांत झालेलं तिला ऐकू आलं, आणि त्या शांततेत ते मुकं तोंड हलतंय हे मिटल्या डोळ्यांनाही कळत होतं. तिने डोळे उघडले. आता क्षणभरच, तिला वाटलं. इतकी वर्षं एकही तोंड मुकं सोडलं नाही, शेवटच्या दिवशी कशाला बट्टा? नुसता हुंकार देऊ. आणि तिने आपलं तोंड त्या तोंडामागे सोडलं, रोज सोडायची तसं, मनात काही न आणता, ओठांवर ओठ ठेवून.

हुंकार आला नाही. शब्द आले.

"मी इथेच आहे, आई. तुम्ही निजा."

ओठांवर ते असे बसले की सुईच्या टोकाएवढीही फट राहिली नाही.

बाई थांबली. नुईकडे तिने असं पाहिलं, जसं आपण ज्याला पाण्यातून काढू शकलो नाही त्याच्याकडे बघतो. मग ती उठली. वळली. पुढे, लोकांकडे. नुईला पहिल्यांदाच तिची पाठ दिसली. मानेची वाटी, आणि कमरपट्ट्याची गाठ. तिचं डावं टोक आखूड.

पुढून एकदम कुजबुज उठली, भाताच्या शेतावर वारा जातो तशी. बाई खोलीच्या दाराकडे गेली आणि चौकटीबाहेर निघून गेली. तिथे अजून खेळातल्या कुणाचीच जायची वेळ झाली नव्हती. सासरा खोकत राहिला.

कोपरा रिकामा होता. शेगडी होती.

"नुई, कोणासाठी बोललीस ते?" कानेजिरोने कुजबुजत विचारलं. "आणि आवाज पुढून कसा आला?"

८

बर्फ भुरभुरत होता. कानेजिरो आणि गेंझोबाबा सामान घेऊन आधीच बोटीवर चढले होते. नुई मागून येणार होती, मालकाला भेटून. धक्क्यावर कंदील लागत होते. तिला हलकं वाटत होतं, आजारातून उठल्यासारखं.

"मावशी, समुद्राकडे पाठ करून उभ्या राहू नका," बोटीकडून पोती घेऊन समोरून येणारा एक हमाल ओरडला. "पडाल पाण्यात."

नुई समुद्राकडेच बघत होती. तिने आजूबाजूला पाहिलं, दुसऱ्या कुणाला म्हणाला असेल.

"नुई!" कानेजिरो कठड्याशी आला होता. त्याचा चेहरा उजळला आणि लगेच विझला. "अगं इकडे बघ ना."

बघतेच आहे, नुई म्हणाली. म्हणजे तिचं तोंड हललं. गळ्यातून काही आलं नाही. थंडीने बसला असेल. तिने हात वर केला.

"तोंड फिरवूनच उभी राहायची होती तर आलीस कशाला?" तो ओरडला. "नाही यायचं तर तोंडावर सांग. एवढं तरी कर."

ती गर्रकन वळली. आता समोर धक्का, गोदामं, कंदील. मागून त्याचा आवाज आला, "वळ ना गं." ती परत वळली. तो तिच्या डोळ्यांत बघत होता. तिच्या डोळ्यांत नव्हे. पाठमोऱ्या माणसाच्या मानेच्या वाटीकडे बघतात तसं तो तिच्या गळ्याकडे बघत होता.

"जाऊ दे रे," मागून गेंझोबाबा म्हणाला. "बाईने पाठ फिरवली की फिरवली. आपल्याला कुठे सासू आहे."

ती फळीकडे धावली. फळीवरचा खलाशी दचकून मागे सरला. "अहो बाई! उलट्या काय धावताय?" तिने फळीवर पाय ठेवला तसे दोघं-तिघं ओरडले. सागरावर जाणारी माणसं ती. असल्या चालीची बाई बोटीवर घेणार नाहीत. कुणीतरी फळी ओढून घेतली. कानेजिरो कठड्याला धरून उभा होता. राग गेला होता, चेहरा पांढरा पडला होता, आणि तो एक पाऊल मागे गेला. एकच. पण गेला.

भोंगा वाजला. नुईने हळूच गळ्याला हात लावून पाहिलं. डावा काठ वर होता. अगदी बरोबर.

९

घरात ओमासा बसली होती. तोंड चालू होतं, तोकु ऐकत होती.

"आलीस? दार लाव, वारा येतोय. कुठे फिरतेस म्हातारीला एकटं टाकून? काय गं आज खेळात झालं! ती पाठमोरी मोलकरीण वळली. सगळे बघतच राहिले." तिने कपाळ चोळलं. "तोंड बाई ओळखीचं होतं. आत्ता आठवत नाही. अगदी रोजचं... आणि तू काय अशी भिंतीकडे तोंड करून उभी? माझ्याशी बोलायचं नाही वाटतं? ठीक आहे. चांगलं करायला जावं तर हे." ती फणकाऱ्याने उठली आणि नुईच्या तोंडासमोरून, तिच्याकडे न बघता, निघून गेली.

नुई दाराशी उभी राहिली. शेगडीचे निखारे बारीक झाले होते.

तोकु बघत होती. ती नुईच्या पाठीकडे बघत नव्हती. तोंडाकडे बघत होती, कपाळापासून हनुवटीपर्यंत सावकाश, एकही जागा न सोडता. सबंध जगात आता तिचं तोंड दिसणारी ही एकटी. मग म्हातारीचा डावा हात गोधडीतून बाहेर आला आणि आपल्या शेजारची, कोपऱ्यातली चटई थोपटू लागला. ये. बस.

दुसरीकडे बसायला जागा नव्हती. दुसरीकडे ऊबही नव्हती.

नुई कोपऱ्यात शेगडीपाशी बसली. म्हातारीने तिच्या किमोनोची कड चिमटीत धरली आणि डोळे मिटले. घर शांत झालं. तेव्हा कुठून तरी करकर ऐकू यायला लागली. शेजारचा रहाट असेल, नुईने मनाशी म्हटलं. ओमासाकडे रहाट नव्हता.

समोरची कागदी भिंत पांढरी होऊ लागली. उजेड मागून येत होता. कागदापलीकडे, खाली, चटयांवर तीन माणसं बसलेली होती. एक म्हातारा, एक पुरुष. मधली बाई हसू दाबत होती. मग तिने मान वर केली, आणि तिची नजर आधी नुईच्या गळ्यावर आली. तिथेच अडली.

पळ, असं म्हणायला नुईचे ओठ विलग झाले. पलीकडच्या बाईचेही झाले, लगेच. कसबी होती ती. हलतं तोंड ती मुकं सोडणार नव्हती. काहीही म्हटलं तरी तिच्या तोंडून 'मी इथेच आहे' हेच निघणार होतं, जे तिच्या जिभेवर रोज तयार असे.

नुईने बाही तोंडावर नेली आणि घट्ट दाबून धरली. हात आत्तापासूनच भरून यायला लागला होता.